पाबळला रेल्वे जात नाही

आधी वाचकांची माफी मागतो. मी लेखक नाही. डॉक्टरही नाही, हेही लगेच सांगून टाकतो. कारण आमच्या गल्लीतले निम्मे लोक अजून मला डॉक्टर समजतात आणि रस्त्यात थांबवून गुडघे दाखवतात. मी मेंदूचा आलेख काढणारा माणूस आहे. ईईजी टेक्निशियन. या अंकाचे संपादक कॉलेजात मला शिकवायला होते. "युसूफ, तुझ्या कामाविषयी लिही," असं ते बरीच वर्षं म्हणत होते आणि "सर, त्यात लिहिण्यासारखं काय आहे," असं म्हणून मी टाळत होतो. यंदा त्यांनी विचारलंच नाही. सरळ अंकाच्या जाहिरातीत माझं नाव छापलं. तेव्हा मजकूर जमला नाही तर थोडा दोष त्यांच्याकडेही जावा.

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. अब्बा शिरूरच्या आठवडे बाजारात छत्र्या, कुलपं आणि बॅटऱ्या दुरुस्त करायला बसायचे. बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला असताना मला शिरूरच्याच एका दवाखान्यात अर्ध्या दिवसाचं काम मिळालं. तिथे दर गुरुवारी पुण्याहून मेंदूच्या डॉक्टर मॅडम यायच्या. त्यांना यंत्र चालवायला कुणीतरी हवं होतं. सकाळी कॉलेज, दुपारी दवाखाना. मॅडमनी मला पुण्याला नेऊन काम शिकवलं आणि एक नियम घालून दिला: आलेखात काहीही दिसो, तोंडाने निकाल सांगायचा नाही. तो डॉक्टरांनी सांगायचा.

अब्बांना मी सांगितलं की माणसाच्या डोक्यात अगदी बारीक वीज असते आणि ती मी मोजतो. त्यांनी हातातली बॅटरी खाली ठेवली आणि विचारलं, "सेल कुठं बसवलेत?"

हा प्रश्न मला आजही चांगला वाटतो. मी अजून त्याचं नीट उत्तर देऊ शकत नाही.

काम सांगायला सोपं आहे. पेशंटला खाटेवर निजवायचं. डोक्याची मापं घेऊन ठरलेल्या जागी छोट्या धातूच्या वाट्या पेस्टने चिकटवायच्या. प्रत्येक वाटीची वायर यंत्रात जाते. पहिल्या यंत्राला पेना होत्या आणि कागदाची लांबच लांब घडी त्यांच्याखालून सरकायची. पुढे कॉम्प्युटर आला. यंत्र डोक्यात काही सोडत नाही, नुसतं ऐकतं. हे वाक्य मी आयुष्यात इतक्या वेळा म्हटलंय की झोपेतही म्हणतो, असं बायको सांगते. तरीही सगळे विचारतात, "शॉक बसंल का?"

आणि दुसरा प्रश्न: "मनातलं दिसतं का?" एका बाईंनी नवऱ्याला खाटेवर निजवून, त्याच्यादेखतच मला विचारलं होतं, "भाऊ, ह्यांच्या डोक्यात दुसरं कुणी असंल तर कळतं का वो?" नवरा वायरींसकट उठून बसला. ते आलेख पुन्हा काढावे लागले. एकदा एका गावचे माजी सरपंच आले. त्यांना काहीच झालं नव्हतं. "आमच्या इरोधकांनी गावात उठवलंय की माझं डोकं चालत न्हाई. तर ते चालतंय असं मला शिक्क्यानिशी द्या," म्हणाले. मॅडमनी त्यांना चहा पाजून परत पाठवलं. जाताना ते म्हणाले, "निदान वायरी लावलेला फोटू तरी काढा."

या कामात खरा शत्रू एकच, तो म्हणजे खोबरेल तेल. तेलावर पेस्ट बसत नाही, वाटी घसरते आणि आलेखात नुसती गिचमिड उमटते. "डोकं धुऊन आणा, तेल लावू नका," असं आम्ही बजावायचो. पण पोराला मोठ्या डॉक्टरकडे न्यायचं आणि भुंड्या डोक्यानं न्यायचं? आईच्या जिवाला ते पटत नाही. ती डोकं धुवायची आणि निघताना हात भरून तेल थापायची. असली चपचपीत, भांग पाडलेली, काजळ घातलेली डोकी मी किती धुतली असतील! कॉलेजातल्या मित्रांना वाटायचं मी विज्ञान करतोय. मी शिकेकाई करत होतो.

दुसरी अडचण झोपेची. काही आजार जागेपणी आलेखात दिसतच नाहीत, पोर झोपलं की दिसतात. म्हणून आम्ही सांगायचो: पोराला उशिरा निजवा, लवकर उठवा आणि वाटेत झोपू देऊ नका, म्हणजे इथे आल्यावर झोपेल. पहिल्या दोन गोष्टी लोक मनापासून करायचे. तिसरी कुणालाच जमायची नाही. एस.टी.त बसलं की पोर आईच्या मांडीवर कलंडायचं. घाटाघाटातून खड्ड्याखड्ड्यातून छान झोप काढून दवाखान्यात उतरायचं ते टवटवीत होऊन. मग आम्ही पडदे ओढून अंगाई म्हणत बसायचो आणि ते माझ्या पेना मोजत बसायचं.

ज्या पोराविषयी मला खरं म्हणजे लिहायचंय, ते असंच टवटवीत आलं होतं.

त्याचं नाव प्रतीक. पाच वर्षांचा. दौंडच्या रेल्वे कॉलनीत राहणारा. बरोबर त्याची आई रंजना आणि आजोबा. आजोबांना सगळे आबा म्हणत. आबा रेल्वेत पॉइंट्समन होते, म्हणजे गाड्यांसाठी रुळांचे सांधे बदलणारे. नुकतेच निवृत्त झालेले. त्यांचा मुलगा, म्हणजे प्रतीकचा बाप, तोही रेल्वेतच, तो ड्यूटीवर होता. आबांनी खुर्ची ओढली आणि पोराच्या आईनं तोंड उघडायच्या आत सांगून टाकलं, "मॅडम, ह्याला गाडी लागती. आन् ते बी रोडची. रेल्वे लागत न्हाई."

मॅडम म्हणाल्या, "आईला सांगू द्या आबा."

रंजनानं सांगितलं. तिचं माहेर पाबळ. दौंडहून पहाटेच्या पहिल्या एस.टी.नं शिरूर, शिरूरला गाडी बदलून मलठण, कान्हूर, पाबळ. गेल्या दीड-दोन वर्षांत ती तीन वेळा माहेरी निघाली आणि तीन वेळा अर्ध्या वाटेतून परत आली. चौफुल्याच्या पुढे गाडी गेली की प्रतीक एकाएकी पांढराफटक पडायचा. मळमळतंय म्हणायचा आणि उलट्या करायचा.

"मग डोळं एका बाजूला जात्यात," ती म्हणाली. "हाक मारली तरी बघत न्हाई. अंगात पाणी न्हाई असा लोळागोळा. एकदा तर ओठ निळं पडलं. मी गाडी थांबवली, उतरले, मिळंल त्या गाडीनं माघारी दौंडला. दवाखान्यात सलाईन लावत्यात. दुपारी उठून पोरगं म्हणतं, भूक लागली."

"निदान काय केलं त्यांनी?"

"एकदा म्हणलं खाण्यातनं झालं. एकदा मेंदूज्वर असंल म्हणून पाठीतलं पाणी काढलं. ते बी चांगलं निघालं. बाकी सगळी म्हणत्यात गाडी लागती. लिंबू दिलं, आलं दिलं, पोटाला पेपरचा कागद बी बांधला."

"ह्यात कागद काय करणार?" आबा म्हणाले. "डिझेलचा वास आन् खड्डं. मी रेल्वेत जल्म घालवला. रेल्वेत कुणाला गाडी लागल्याचं मी बघितलं न्हाई." मग ते पुढे सरकून बसले. "आन् मी नुसतं बोलत न्हाई. करून बघितलंय. ह्याला घिऊन सोलापूरला गेलो, रेल्वेनं. पुन्यालाबी नेऊन आणला. काय झालं? शेंगा खात गेला, शेंगा खात आला. मग मी ठरवून टाकलं. जिथं रेल्वे जात न्हाई तिथं पोराला न्यायचं न्हाई."

"आणि पाबळला रेल्वे जात नाही," मॅडम म्हणाल्या.

"न्हाई जात. त्याला मी काय करू?"

रंजना खाली बघत होती. मॅडमनी तिला विचारलं, "मग तू एकटी जाऊन येतेस का?"

"लेकराला सोडून कशी जाऊ? आन् घरातली म्हणत्यात माहेरच्या वाटंवरच ह्याला होतं, तर तिकडचंच काहीतरी हाय. माझ्या वडलांना अर्धांगवायू झालाय मॅडम. ते हितं येऊ शकत न्हाईत. त्यांनी ह्याला बघितलं तवा हा रांगत होता."

प्रतीक मध्येच माझ्याकडे बघून म्हणाला, "ओ मशीनवाले, ह्याला इंजिन कुठंय?"

त्या दिवशी आलेख काढला. शिरूरला येताना त्याला वाटेत काही झालं नव्हतं, पण झोप मात्र झाली होती. आता पडदे ओढले, रंजनानं थोपटलं, मी पंखा बंद केला, पुन्हा चालू केला. बाळराजे जागे. आलेख अगदी चांगला आला. मॅडमनी तो पाहिला आणि आबांना म्हणाल्या, "जागेपणीचा आलेख चांगला आहे. पण मला तुमच्या प्रयोगाविषयी विचारायचंय."

आबा सावरून बसले. त्यांच्या कामाला बहुधा पहिल्यांदाच कुणीतरी प्रयोग म्हटलं होतं.

"सोलापूरला कधी निघालात?"

"दुपारच्या गाडीनं. जेवून."

"आणि पुण्याला?"

"ते बी सकाळी उजाडल्यावर. ऊन चांगलं वर आलं तवा."

"गाडीत तो झोपला का?"

"झोपतोय कशाचा! हे इंजिन कुठलं, तो शिग्नल कसला, ही मालगाडी कुठं चालली. माझं डोकं खाल्लं त्यानं."

मॅडम रंजनाकडे वळल्या. "आणि पाबळला निघताना याला उठवतेस कधी?"

"चारला. पहिली गाडी गाठायची असती ना. मग बसल्याबसल्या झोपतो मांडीवर."

"आणि ते होतं तेव्हा जागा असतो की झोपलेला?"

रंजना विचार करू लागली. "झोपलेला असतो. झोपेतनं दचकून उठतो आन् मळमळतंय म्हणतो." ती थांबली. "मॅडम, एकदा घरी बी झालं होतं. दुपारी निजला होता. पण तवा सकाळी शिळं खाल्लं होतं म्हणून आमी ते ह्यात धरलंच न्हाई."

मी कॉलेजात प्रयोगशाळेत शिकत होतो की एका वेळेला एकच गोष्ट बदलायची. आबांनी रस्ता बदलून रेल्वे केली, पण त्याबरोबर पहाटेची दुपार झाली आणि झोपेचं जागेपण झालं. ते त्यांच्या ध्यानात आलं नाही. कुणाच्याच आलं नसतं. मलाही पेपरात सोडवताना ते कळलं असतं, असं मला वाटत नाही.

मॅडम आबांना म्हणाल्या, "तुम्ही करून बघितलंत, हे फार चांगलं केलंत. नाहीतर हे सापडलंच नसतं. मला संशय आहे की गाडीचा यात संबंध नाही. झोपेचा आहे. पण आलेख झोपेत काढल्याशिवाय मी काही सांगणार नाही."

"मग पुन्हा हिकडं आणायचा? पुन्हा येष्टीत झोपणार तो."

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. "युसूफ, यंत्र दौंडला नेता येईल?"

मी हो म्हणालो. यंत्र तोवर नवं आलं होतं, कॉम्प्युटरचं. पण त्याचा पडदा आजच्यासारखा पातळ नव्हता, चांगला जाडजूड डबा होता. मी तो गोधडीत गुंडाळून एस.टी.त मांडीवर घेऊन बसलो आणि चौफुल्याला उतरून दुसरी गाडी धरली. शेजारच्या आजीबाई म्हणाल्या, "बहिणीला टीव्ही नेतोयस व्हय? चांगलाय. दाजी ठेवील नीट."

दौंडला मॅडमच्या ओळखीच्या एका डॉक्टरांनी एक खोली रिकामी करून दिली होती. स्टेशन जवळच. मला काळजी ही की पोर झोपलं आणि हॉर्न वाजला तर? आबांना मी तसं म्हटलं.

आबा हसले. "पोरगं रेल्वे कॉलनीतलं हाय. हॉर्न वाजला की आजून गाढ झोपतं. तुमी मिक्सर लावू नका म्हंजी झालं."

पोराला जागं ठेवायचं काम त्यांनी स्वतःकडे घेतलं होतं, कुणाला हात लावू दिला नव्हता. डोळे मात्र त्यांचेच तांबारले होते. "उभा जल्म नाइट ड्यूटी केली," ते मला म्हणाले. "झोप कशी मोडायची ते मला इचारा. बसायचं न्हाई. पाण्याचा हात तोंडावरनं फिरवायचा. आन् बोलत ऱ्हायचं. पहाटंपासनं फलाटावर फिरवतोय त्याला. जेवढी इंजिनं आली तेवढ्यांचं नाव सांगितलं. मधी मधी चुकीचं सांगायचो. मग ते भांडायला उठायचं, आन् झोप जायची."

रंजनानं डोकं स्वच्छ धुतलेलं होतं. तेलाचा थेंब नाही. मी एवढा आनंदलो की तिला म्हणालो, "ताई, तुमचं डोकं धुणं फार छान आहे." ती पहिल्यांदाच हसली.

वाट्या चिकटवून होईपर्यंत प्रतीकच्या पापण्या मिटत आल्या होत्या. खोलीत रंजना त्याच्या उशाशी आणि आबा माझ्यामागे उभे. पडद्यावर रेघा सरकत होत्या. तो झोपेत उतरला तसा रेघांचा वेग मंदावला. आणि मग डोक्याच्या मागच्या भागातल्या रेघांवर टोकदार काटे उठायला लागले. एक, मग थांबून आणखी, मग सलग काही. त्याच वेळी बाहेरून मालगाडी गेली, खिडकीच्या काचा थरथरल्या. मी घाबरून आधी वायरी तपासल्या, वाट्या तपासल्या. गाडी गेली. काटे तसेच.

आबा वाकून म्हणाले, "हे टोक कसलं?"

मी म्हणालो, "मॅडम सांगतील."

"बाकीच्या लायनी सरळ चालल्यात. ह्याच दोन-तीन लायनी खडखडतात. मागचा सांधा ढिला दिसतोय."

मी पडद्याकडेच बघत राहिलो. पण या कामात तोंड बंद ठेवून भागत नाही. लोक चेहरा वाचतात. रंजना पडद्याकडे बघतच नव्हती, माझ्याकडे बघत होती. तिनं हळूच विचारलं, "भाऊ, दिसलं का काही? वाईट हाय का?" मी पुन्हा म्हणालो, "मॅडम सांगतील." या दोन शब्दांनी मी आजवर किती माणसांना ताटकळत ठेवलंय, कोण जाणे. नियम बरोबर आहे. तरी ते दोन शब्द तोंडातून निघताना मला कधीच चांगलं वाटलं नाही.

मॅडम त्या दिवशी पुण्याहून दौंडला दुपारच्या गाडीनं आल्या. आलेख बघितला, प्रतीकला तपासलं, आणि मग दोघांना समोर बसवून सांगितलं. मी ते जसं ऐकलं तसं लिहितो.

हा फिटचाच एक प्रकार आहे. पण आपण फिट म्हणतो तेव्हा हातपाय झाडणं, तोंडाला फेस असं डोळ्यासमोर येतं, तसा नाही. यात मेंदूचा जो भाग पोट, घाम, रंग, हृदयाचे ठोके सांभाळतो त्याच्यावर ताण येतो. म्हणून पोर पांढरं पडतं, उलट्या होतात, डोळे एका बाजूला जातात. उलटी हीच फिट. पोटाला काही झालेलं नसतं. हे लहान वयात येतं, बहुतेकदा झोपेत येतं, आणि बघणाऱ्याच्या काळजाचं पाणी करतं. पण बहुतेक मुलांना सगळे मिळून मोजकेच झटके येतात, आणि वर्षा-दोन वर्षांत ते आपोआप थांबतात. मूल शाळेत, डोक्याने, सगळ्या बाबतीत इतरांसारखंच वाढतं.

आबा म्हणाले, "औषध कुठलं?"

"रोजचं औषध सध्या नको."

"औषध न्हाई?"

"नको."

"एवढ्या लांबनं मशीन आणली, मी पहाटंपासनं पोरगं फिरवलं, आन् औषध न्हाई? जो औषधाबिगर बरा होतो तो आजार कसला वो मॅडम?"

"तसाच आहे तो. मलाही शिकताना आश्चर्य वाटलं होतं."

आबांची नजर सुनेकडे गेली. "फिट म्हंजी मिरगीच ना? आमच्या घरात कुणाला न्हाई."

"आमच्या बी न्हाई," रंजना म्हणाली. सासऱ्यांसमोर एवढ्या मोठ्यानं ती बोलेल, असं मला वाटलं नव्हतं.

"यात सासर नाही, माहेर नाही," मॅडम म्हणाल्या. "रस्ता नाही, रेल्वे नाही. कुणाच्या गावचं काही नाही. झोप मोडली आणि मग तो पेंगला, की येण्याची शक्यता वाढते. म्हणून पहाटेची गाडी नको. पुरती झोप झाल्यावर, उन्हाच्या गाडीनं जा. तरी येणारच नाही, असं मी लिहून देणार नाही. आला तर काय करायचं ते शिकून घ्या."

मग त्यांनी प्रतीकलाच कुशीवर निजवून दाखवलं. एका अंगावर ठेवायचं, म्हणजे उलटी घशात जाणार नाही. तोंडात पाणी, चमचा, बोट काही घालायचं नाही. कांदा नाही, चप्पल नाही. घड्याळ बघायचं. पाच मिनिटांत सरलं नाही तर नाकात मारायचं एक औषध दिलं, ते कसं मारायचं दाखवलं. त्यानंतर जो दवाखाना जवळ असेल तो गाठायचा. रंजनानं सगळं दोनदा करून दाखवलं. प्रतीकला हा खेळ वाटला. तो डोळे तिरके करून मेल्यासारखा पडून राहिला आणि मग हसत सुटला. आबा म्हणाले, "गप, गाढवा."

निघताना मॅडमनी विचारलं, "मग आबा, पाबळला पाठवणार ना?"

"बघू," आबा म्हणाले.

बघू म्हणजे आमच्याकडे बहुतेकदा नाही असतं. मी यंत्र गोधडीत गुंडाळताना रंजनाकडे पाहिलं. ती औषधाची बाटली पदराच्या टोकात बांधत होती.

वाचकहो, आमच्या कामातली एक उणीव इथे सांगायला हवी. माणूस आमच्याकडे अर्धा-पाऊण तास येतो. त्याच्या डोक्यात जे चाललंय ते त्याच्या बायकोला, आईला दिसलं नाही, ते आम्हाला दिसतं. आणि मग तो जातो. पुढे काय झालं, ते कधी कळत नाही. ज्यांचं बिनसलं ते परत येतात. ज्यांचं चांगलं झालं ते कशाला येतील? मी तेव्हा नवा होतो, मला हे फार टोचायचं. गुरुवार आला की मी दाराकडे बघायचो. पाबळचा कुणी पेशंट आला तर उगाच विचारायचो, रंजना नावाची कुणी माहेरवाशीण आली होती का. लोक माझ्याकडे संशयानं बघायचे. त्या वर्षाची परीक्षा झाली, निकाल लागला, मी तिसऱ्या वर्षाला गेलो. मॅडमना मी एकदा विचारलं, त्या म्हणाल्या, "काही कळलं नाही म्हणजे बरंच चाललं असेल." मला ते उत्तर पुरलं नाही. बरं चाललं म्हणजे झटके थांबले, एवढंच. ती गेली का?

मग एका गुरुवारी, दवाखाना पेशंटनी भरलेला असताना, टेबलावरचा फोन वाजला. मी उचलला.

"मशीनवाले हायेत का?"

आवाज मी लगेच ओळखला. "बोला आबा. मी युसूफ."

"पोरगी पोचली."

"कोण? कुठे?"

"कोण म्हंजी? सून माझी. पाबळला. आत्ता शेजारच्यांच्या फोनवर सांगितलं तिनं. तिच्या वडलांचं जास्त झालं म्हणून निरोप आला होता. मीच म्हणलं, धाच्या गाडीनं जा, पोराची झोप होऊ दे. स्टँडवर मीच बसवून दिली."

"वाटेत काही झालं नाही ना?"

"झालं तर. पारगावचा पूल गेला आन् त्याला आलं. नेमका डुलका लागला होता. पांढरा पडला, वकला, सगळं आपलं मॅडमनी सांगितलं तसं. कंडक्टर म्हणाला बाई, उतरवतो, माघारी जाणारी गाडी मिळंल. हिनं काय करावं? शीटवर त्याला कुशीवर घेतला आन् शेजारच्याला म्हणली, तुमचं घड्याळ दावा. लोक म्हणत्यात कांदा आणा, कुणी चप्पल काढली. ती म्हणली, कुणी हात लावायचा न्हाई. पाच मिनटं झाली, नाकात औषध मारलं. कंडक्टरला म्हणली, दवाखाना पुढं शिरूरला जवळ हाय, मागं लांब हाय. गाडी पुढं घ्या." आबांनी दम घेतला. "गाडी पुढं घ्या, म्हणली."

"मग?"

"मग काय, न्हावरं गाव यायच्या आत पोरगं निवांत झोपलं. शिरूरच्या स्टँडवर उठलं आन् म्हणलं, भेळ पायजे. तिनं बसून बघितलं घटकाभर. बोलतंय, हसतंय, नीट चालतंय. मग पाबळची गाडी धरली."

शिरूरचा स्टँड आमच्या दवाखान्याच्या खिडकीतून दिसतो. मी वळून तिकडे पाहिलं. त्याच दुपारी ती तिथे बाकावर बसली होती, मुलाला भेळ खाऊ घालत, आणि तिला आत येऊन आम्हाला काही विचारायची गरज वाटली नव्हती.

"आबा, तिचे वडील?"

"हायेत. बोलता येत न्हाई, पण नातवाचा हात धरून ठेवलाय म्हणं. सोडीना झालेत." मग आबा म्हणाले, "ती म्हणत होती, उद्या निघते माघारी. मी म्हणलं, काय घाई हाय? ऱ्हा की चार दिवस."